हप्ता नको, बेरीज विचारा

बिल्डरच्या साइट ऑफिसमध्ये रविवारी दुपारी एक प्रश्न हमखास ऐकू येतो, "हप्ता किती बसेल?" सॅम्पल फ्लॅट बघून झालेला असतो, पोरांनी आपापल्या खोल्या वाटून घेतलेल्या असतात. टेबलापलीकडचा मुलगा कॉस्ट शीट उलटी करतो, मागच्या कोऱ्या बाजूवर एक आकडा लिहितो आणि त्याला गोल करतो. त्रेचाळीस हजार. नवरा-बायको एकमेकांकडे बघतात. "ओढाताण होईल, पण जमेल." झालं! आयुष्यातली सगळ्यांत मोठी खरेदी ठरली आणि तिची किंमत कुणी विचारलीच नाही.

कोथिंबिरीच्या जुडीला पाच रुपये कमी कर म्हणून भांडणारी माणसं आपण. इथे मात्र गप्प बसतो.

तर किंमत अशी. 50 लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के व्याज, 20 वर्षं मुदत. हप्ता 43,391 रुपये. असे 240 हप्ते. बेरीज 1 कोटी 4 लाख 14 हजार. घेतले 50 लाख, त्यावर व्याजच 54 लाखांच्या वर. एक घर आपलं झालं आणि कर्जाहून मोठ्या रकमेचं दुसरं आपण बँकेला बांधून दिलं.

आणि हा झाला बरा सौदा. "हप्ता जरा जड वाटतोय," असं म्हणून बघा. पलीकडून लगेच उत्तर येतं, "मग 30 वर्षं करू या ना, सर." हप्ता उतरतो 38,446 वर. महिन्याला 4,945 रुपये हलकं वाटतं आणि माणूस सही करतो. या हलकेपणाची किंमत 34 लाख 26 हजार रुपये आहे. 30 वर्षांत व्याज भरायचं 88 लाख 40 हजार. कर्ज तेच, दर तोच, भिंतीही त्याच. फक्त मुदत वाढली.

व्याजदरात पाव टक्का कमी मिळावा म्हणून लोक चार बँकांच्या पायऱ्या झिजवतात. जरूर झिजवाव्यात. पण मुदतीच्या रकान्यात 20 लिहायचे की 30, हे मात्र अर्ज भरणारा एजंट ठरवतो. माझ्या मते गृहकर्जात सगळ्यांत महाग गोष्ट मुदत आहे. दरावर घासाघीस करायची आणि मुदतीवर डोळे मिटून सही करायची, हे थांबलं पाहिजे. तिशी ओलांडून 30 वर्षांचं कर्ज घेणाऱ्याने आपल्या निवृत्तीचं साल आणि शेवटच्या हप्त्याचं साल शेजारी शेजारी लिहून बघावं. राज्य सरकारच्या बहुतेक नोकऱ्यांत 58 व्या वर्षी घरी बसायचं असतं. हप्ता घरी बसत नाही.

आता कर्जाच्या कागदांतला एक कागद काढा, ज्याच्याकडे कुणी ढुंकून बघत नाही. परतफेडीचं वेळापत्रक. 240 ओळींचा तक्ता. पहिली ओळ वाचा. हप्ता 43,391. व्याज 35,417. मुद्दल 7,974. महिनाभर राबून पोटाला चिमटा काढून भरलेल्या त्रेचाळीस हजारांतून कर्ज कमी झालं आठ हजारांनी. पाच वर्षांनंतरच्या ओळीवर या. तोवर तुम्ही 26 लाख भरलेले आहेत आणि शिल्लक कर्ज आहे 44 लाख 6 हजार. पाच वर्षांत फिटले सहा लाखसुद्धा नाहीत. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा होतो तो 143 व्या हप्त्याला, म्हणजे जवळजवळ बारा वर्षांनी. निम्मं कर्ज फिटायला चौदा वर्षं लागतात.

यात फसवणूक नाही. शिल्लक रकमेवर व्याज लागतं आणि सुरुवातीला शिल्लक मोठी असते, एवढं साधं गणित आहे. पण हे गणित सहीआधी समोर बसवून समजावून सांगणारा माणूस बँकेत भेटत नाही. "पाच वर्षांनी विकून मोठं घर घेऊ," अशा बेताने कर्ज काढणाऱ्यांनी तर ती साठावी ओळ तोंडपाठ करावी.

खरा धोका पुढे आहे, कारण तो वेळापत्रकातही दिसत नाही. आपल्याकडची बहुतेक गृहकर्जं फ्लोटिंग दराची. रेपो, म्हणजे रिझर्व्ह बँक ज्या दराने बँकांना पैसे देते तो दर, हलला की कर्ज हलतं. 2021 मध्ये पावणेसात टक्क्यांच्या आसपास गृहकर्ज मिळत होतं आणि लोकांनी भराभर घरं घेतली. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो 4 टक्क्यांवरून साडेसहावर नेला. अडीच टक्के. यातल्या अनेकांचा हप्ता तेवढाच राहिला आणि त्यांना वाटलं, वाचलो! वाचलेले नव्हते. बँकेने हप्ता न वाढवता मुदत ताणली होती.

ही ताणाताणी कुठवर जाते ते बघा. 50 लाख, पावणेसात टक्के, 20 वर्षं, हप्ता 38,018. दीड वर्ष नियमित भरल्यावर शिल्लक 48 लाख 13 हजार. हिशेब सोपा व्हावा म्हणून दर एकदम सव्वानऊ झाला असं धरू. आता एका महिन्याचं व्याजच 37,101. मुद्दलाला उरले 917 रुपये. हप्ता न वाढवता हे कर्ज फेडायचं तर राहिलेल्या 222 हप्त्यांच्या जागी 485 हप्ते लागतात. चाळीस वर्षं! एवढं बँका ताणू देत नाहीत, कर्जदाराच्या वयाची मर्यादा आली की हप्ता वाढवतात. पण त्या मर्यादेपर्यंतची पाच-सात-दहा वर्षं कितीतरी कर्जांवर अशी गुपचूप चढली, आणि कर्जदाराला ती कळली कर्जखात्याचा उतारा काढल्यावर. न विचारता माणसाच्या आयुष्यातली वर्षं गहाण टाकायचा अधिकार बँकेला कुणी दिला?

तक्रारी वाढल्यावर ऑगस्ट 2023 मध्ये रिझर्व्ह बँकेने दट्ट्या दिला. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडं थोडं, हे कर्जदाराला विचारायचं. स्थिर दराकडे जायचा पर्यायही तेव्हा सक्तीचा केला होता; ऑक्टोबर 2025 पासून तो बँकेच्या मर्जीवर आहे. दर तिमाहीला विवरण द्यायचं, त्यात आजवर गेलेलं मुद्दल, गेलेलं व्याज, राहिलेले हप्ते आणि वार्षिक दर असे आकडे हवेत. नियम चांगला आहे. पण तुमच्या तिमाही विवरणातले "राहिलेले हप्ते" तुम्ही शेवटचे कधी मोजले?

उतरणीचंही असंच. फेब्रुवारी ते जून 2025 या पाच महिन्यांत रेपो साडेसहावरून साडेपाचवर आला. ऑक्टोबर 2019 नंतर बँकांकडून घेतलेली फ्लोटिंग कर्जं बाहेरच्या मापदंडाला, बहुतेक रेपोलाच, जोडलेली आहेत. तिथे कपात लवकर पोचते. त्याआधीची कर्जं जुन्या पद्धतीवर अडकून पडलेली असू शकतात, आणि गृहवित्त कंपन्या तर स्वतःच्या मूळ दरावर चालतात. तिथे नव्या गिऱ्हाइकाला एक दर आणि पंधरा वर्षं इमाने हप्ता भरणाऱ्याला वेगळा, चढा दर. इमानदारीचा हा दंड मला संतापजनक वाटतो. थोडं शुल्क भरून कर्ज नव्या दरावर नेता येतं, पण ते मागावं लागतं. न मागणाऱ्याला कुणी घरी येऊन देत नाही. आणि दर उतरला तर हप्ता कमी करून घेऊ नका. हप्ता आहे तोच ठेवा, मुदत कमी करा.

मंजुरीपत्राबरोबर आणखी एक कागद सरकवला जातो, कर्जाच्या विम्याचा. "साहेब, सगळेच घेतात." एकरकमी हप्ता समजा दीड लाख, आणि खिशातून द्यायचीही गरज नाही, कर्जातच मिळवून टाकतात! दीड लाखावर साडेआठ टक्क्यांनी 20 वर्षं व्याज चढलं की त्याचे 3 लाख 12 हजार होतात. घरात कमावतं माणूस एकच असेल तर विमा हवाच, त्यावर दुमत नाही. पण साधा मुदत विमा बाहेरून घ्या, दरवर्षी भरा आणि दोन्हींच्या किमती ताडून बघा. बँकेच्याच कंपनीचा विमा घ्या अशी सक्ती कुठल्याही कायद्यात नाही.

मग कर वाचतो त्याचं काय, हा प्रश्न येतोच. वर सांगितलेल्या कर्जाचं पहिल्या वर्षाचं व्याज 4 लाख 21 हजार. स्वतः राहत असलेल्या घरासाठी जुन्या कर पद्धतीत वजावट मिळते जास्तीत जास्त 2 लाखांची, म्हणजे तीस टक्क्यांच्या टप्प्यातल्या माणसाचे वाचतात साठ-बासष्ट हजार. नव्या पद्धतीत ही वजावटच नाही, आणि आता आपोआप लागू होते ती नवीच पद्धत. चार लाख घालवून साठ हजार वाचवायला कुणी कर्ज काढू नये.

"भाडं भरणं म्हणजे पैसे पाण्यात" हे वाक्य आता बस झालं. पहिल्या वर्षी महिन्याला पस्तीस हजार व्याज जातं, ते कुठे जातं? बहुतेक शहरांत तसल्याच फ्लॅटचं भाडं याच्या निम्म्याच्या आसपास असतं. घर घेऊ नका असं मी म्हणत नाही. डोक्यावर स्वतःचं छप्पर असणं, घरमालकाच्या अकरा महिन्यांच्या करारातून सुटणं, याची किंमत पैशांत होत नाही. पण निर्णय घेताना दोन्ही पारड्यांत खरे आकडे टाका. पुण्यात 62 लाख 50 हजारांच्या फ्लॅटला सात टक्के मुद्रांक शुल्क धरलं तर 4 लाख 37 हजार होतात, नोंदणीचे 30 हजार वेगळे, बांधकाम चालू असेल तर पाच टक्के जीएसटीचे 3 लाख 12 हजार. साधारण आठ लाख, आणि मुद्रांक-नोंदणीला गृहकर्ज सहसा मिळत नाही. हे पैसे पीएफ मोडून किंवा आईच्या पाटल्या ठेवून येतात. बाईच्या नावावर घर घेतलं तर मुद्रांक शुल्कात एक टक्का सूट आहे, तेवढी तरी सोडू नका.

काही जाणकार म्हणतील, महागाईत पुढचे हप्ते हलके होतात, लांब मुदत घ्यावी आणि वाचलेले पैसे गुंतवावेत. मुद्दा खरा आहे. जो माणूस ते 4,945 रुपये तीस वर्षं न चुकता गुंतवेल, तो कदाचित पुढेही जाईल. पण तीस वर्षांची मुदत घेणारा बहुतेक वेळा मोठा हप्ता परवडत नाही म्हणूनच ती घेतो. त्याच्याकडे महिनाअखेरीला गुंतवायला काही उरत नाही. त्याला हा सल्ला देणं बरोबर नाही.

त्याच्यासाठी रस्ता वेगळा आहे, आणि तो उघडा आहे. फ्लोटिंग दराच्या गृहकर्जावर मुदतीआधी पैसे भरल्याचा दंड बँकांना घेता येत नाही. रिझर्व्ह बँकेने 2012 मध्येच तो बंद केला. त्या 50 लाखांच्या कर्जात पहिलं वर्ष संपताना एकदाच 1 लाख जादा भरा. शेवटचे अकरा हप्ते गळतात, म्हणजे पावणेपाच लाखांच्या वर. तोच लाख पंधरा वर्षांनी भरला तर गळतात जेमतेम साडेतीन हप्ते. दिवाळीचा बोनस आला की दरवर्षी एकच हप्ता जादा भरत गेलात, तर कर्ज सव्वातीन वर्षं आधी फिटतं आणि सुमारे दहा लाख वाचतात. भरताना काउंटरवर विचारतील, हप्ता कमी करायचा की मुदत? मुदत म्हणा, आणि लेखी घ्या.

फिटल्यावर घराचे मूळ कागद 30 दिवसांत परत देणं बंधनकारक आहे. बँकेने तिच्या दोषामुळे उशीर केला तर दिवसाला 5,000 रुपये भरपाई. हेही लक्षात असू द्या.

आणि ज्यांची सही अजून व्हायची आहे, त्यांच्यासाठी. 1 ऑक्टोबर 2024 पासून प्रत्येक नव्या गृहकर्जाला "की फॅक्ट्स स्टेटमेंट" देणं सक्तीचं आहे. त्यात सगळे खर्च धरून पडणारा वार्षिक दर असतो, पूर्ण वेळापत्रक असतं, आणि त्यात न लिहिलेलं शुल्क तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय लावता येत नाही. कर्जदाराला समजेल अशा भाषेत ते द्यावं, असं नियमातच लिहिलं आहे. म्हणून ते मराठीत मागा. विचार करायला किमान तीन कामाचे दिवस मिळतात, ते घरी बसून वापरा. आजच सही करा म्हणून कुणी घाई लावली तर उठून या.

सही करण्याआधी त्या कागदावर सगळ्या हप्त्यांची बेरीज स्वतःच्या हाताने लिहा आणि घरातल्या सगळ्यांना दाखवा. ती बघूनही घर हवं असेल, तर बेलाशक घ्या.