भूल पडली ती कुणाला?

"ऐकलंत का वैनी, वरच्या वाडीतल्या त्याला भूल पडली!"

काकूंनी गडग्यावर कोपर टेकलं, म्हणजे माझं धुणं गेलं दुपारवर. श्रावणातली जरा उघडीप मिळाली होती, पण अशी बातमी आल्यावर वाळत कोण घालतो?

"कधी?"

"परवा संध्याकाळी. म्हैस परतली नाही म्हणून शोधायला गेला रसाळगडाच्या बाजूच्या रानात. भुलनवेलीवर पाय पडला म्हणे. जरा हिंडला, झाडाखाली बसून एक विडी ओढली, उठतो तर उजाडलेलं! रात्रच्या रात्र गिळली हो त्या वेलीने. बायकोला शपथेवर सांगतो, एका विडीपुरताच टेकलो होतो."

भुलनवेल आमच्याकडे सगळ्यांना ठाऊक, पण दाखव म्हटलं तर बोट कुणीच करत नाही. ओलांडली की दिशा फिरते, ओळखीची वाट अनोळखी होते, आणि काकूंच्या मते घड्याळही फिरतं. त्यांचे दीर भिलाईच्या कारखान्यात होते, त्यामुळे त्यांच्याकडे बाहेरगावचा पुरावाही तयार. तिकडे छत्तीसगडात हिचीच बहीण आहे, भूलन कांदा. त्याच्यावर पाय पडला की माणूस तिथल्या तिथे घुटमळत राहतो, दुसऱ्या कुणी येऊन शिवलं की भानावर येतो. संजीव बख्शींनी त्या नावाची कादंबरी लिहिली, तिच्यावरच्या सिनेमाला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला.

"आता सरकारनेच बक्षीस दिलं म्हटल्यावर खोटं कसं असेल?" काकू म्हणाल्या.

"आणि म्हशीचं काय झालं?"

"ती होय! ती दिवेलागणीलाच आपली आपण गोठ्यात येऊन उभी."

"म्हणजे त्याच रानात, त्याच वेलीवरून चालून म्हैस वेळेवर घरी. भूल काय ती माणसालाच?"

काकू जराशा गप्प झाल्या. जराशाच.

माझा भाचा पुण्याला भौतिकशास्त्र शिकतो, सध्या सुट्टीला आलाय. तो पडवीतून ऐकत होता. त्याने विचारलं, "दाढी वाढली होती का त्याची?"

"वाढली होती की. खुंट दिसत होते."

"आणि भूक?"

"आल्या आल्या चार भाकऱ्या हाणल्या म्हणे."

"मग त्याच्या पोटाने नि गालाने रात्र मोजलीच ना, काकू? वेळ खरोखर आखडली असती तर दाढी कालचीच राहिली असती, नि भूकही एका विडीपुरतीच लागली असती. रात्र हरवली ती डोक्यातून."

मग त्याला चेव आला. काळाला खरोखर खेचणारा पदार्थ आहे, म्हणाला, आणि तो तुमच्या पायाखालीच आहे. कुठलीही वजनदार वस्तू आपल्या आसपासचा काळ मंदावते, आणि पृथ्वीएवढी वजनदार वस्तू आपल्याजवळ दुसरी नाही. तिच्यापासून वर जावं तसं घड्याळ पुढे पळतं. जगबुडी नदीच्या काठी एक घड्याळ ठेवलं आणि महिपतगडावर, म्हणजे तीनेक हजार फुटांवर, दुसरं, तर गडावरचं वर्षभरात पुढे जाईल. किती? एका सेकंदाचे दहा लाख तुकडे केले तर त्यातले तीनेक.

"एवढंच?" काकूंचा अगदी हिरमोड झाला. "आमचे हे त्याहून जास्त उशिरा येतात की भरणे नाक्यावरून!"

त्याने मोबाइल दाखवला. नकाशा ज्यांच्या जिवावर चालतो त्या उपग्रहांची घड्याळं रोज 38 मायक्रोसेकंद पुढे पळू पाहतात. तेवढं सुधारून घेतलं नाही, तर नकाशा खेडच्या माणसाला एका दिवसात दहाएक किलोमीटर लांब नेऊन टाकेल. 

"म्हणजे तीही भूलच," काकू म्हणाल्या, आणि या वाक्यावर भाचा निरुत्तर झाला याचा मला मनापासून आनंद झाला.

तेवढ्यात त्यांना रेवती आठवली. बलरामाची बायको. तिचा बाप ककुद्मी तिला घेऊन ब्रह्मलोकी गेला, मुलीला कुठला वर बघू हे विचारायला. तिथे गंधर्वांचं गाणं चाललेलं. संपेपर्यंत थांबला नि मग यादी पुढे केली, तर ब्रह्मदेव हसायलाच लागले. म्हणे, खाली सत्तावीस चतुर्युगं उलटली, तुझ्या यादीतल्या पोरांचं आता नावगोत्रही उरलं नाही.

"तिथे कुठे होती वेल?" काकू म्हणाल्या. "गाणं ऐकत बसला, एवढंच."

हे बोलल्या आणि माझ्याकडे बघतच राहिल्या. मीही त्यांच्याकडे.

"काकू, खालच्या वाडीत जाखडी नाचाची तालीम सुरू झाली ना?"

"सोमवारपासून! गणपती आले की तोंडावर." आता त्यांचा आवाज खाली आला. "तुरेवाल्यांचा नवा शाहीर आणलाय. परवा रात्रभर ढोलकी ऐकू येत होती, मी यांना म्हटलंसुद्धा. आणि हा भूल पडलेला मूळचा शक्तीवाला, म्हणजे समोरच्या पक्षाचा! बायकोने गेल्या वर्षीच बजावलेलं, पुन्हा रात्र जागवून आलास तर गोठ्यात निजायचं."

"मग तुरेवाल्यांकडे कशाला जाईल?"

"त्यांचे सवाल ऐकायला! त्याशिवाय जवाब कसे बांधणार?"

"बायकोला कळलं असेल?"

"अहो, तिनेच तर मला सांगितलं. काल धार काढताना हा तोंडातल्या तोंडात काहीतरी गुणगुणत होता. ही दारात उभी राहून ऐकत होती. चाल नवीन होती."

"मग? भांडली?"

"छे! पुढचं कडवं विचारलंन. ती माहेरची तुरेवाली."