मुरवलेल्या टोमॅटोची कोशिंबीर : एक पाणलोटशास्त्रीय मार्गदर्शन

टोमॅटोची मुरवलेली कोशिंबीर, म्हणजे चिरलेल्या टोमॅटोला मीठ, लिंबू आणि मिरची लावून, काही वेळ झाकून ठेवून, वरून दाण्याचा कूट आणि फोडणी घालून केलेले तोंडीलावणे, हा अगदी सोपा पदार्थ आहे अशी समजूत घरोघर आढळते. मात्र ही समजूत बाळगणारी व्यक्ती आणि कोशिंबीर करणारी व्यक्ती एकच असल्याचे उदाहरण क्वचितच सापडते. पिकलेल्या टोमॅटोच्या वजनात ९४ ते ९५ टक्के पाणी असते, त्यामुळे बाजारातून किलोभर टोमॅटो आणणारा गृहस्थ पिशवीतून प्रत्यक्षात जवळजवळ एक लिटर पाणी घरी आणतो, आणि पुढचा सगळा प्रश्न त्या पाण्याचे काय करायचे एवढाच उरतो. ज्या अहिल्यानगर जिल्ह्यात गावोगाव उन्हाळ्यात टँकरची वाट पाहण्यात पिढ्या गेल्या, तेथे तरी या प्रश्नाकडे स्वयंपाकघरातील किरकोळ बाब म्हणून पाहणे शोभणारे नाही.

क्षेत्रफळाने महाराष्ट्रातील सर्वांत मोठा असलेला अहिल्यानगर जिल्हा, जो २०२४ पर्यंत कागदोपत्री अहमदनगर होता आणि बोलण्यात अजूनही नुसता ‘नगर’ आहे, या कोशिंबिरीसाठीच आखला गेला असावा असे वाटण्याइतकी त्याची रचना सोयीची आहे. पश्चिमेला अकोले तालुक्यात १,६४६ मीटर उंचीचे कळसूबाई आणि त्याच्या आसपास पावसाने झोडपून निघणारी घाटघर, रतनवाडी ही गावे. त्या पावसाचे पाणी अडवणारे, १९२६ साली पूर्ण झालेले भंडारदऱ्याचे धरण. तेथून पुढे वाहणाऱ्या प्रवरेच्या काठाने अकोले-संगमनेर पट्ट्यात तार-बांबूवर चढलेली टोमॅटोची शेते. आणि दक्षिणेला, पाऊस हात आखडता घेतो त्या श्रीगोंदा-कर्जत भागात लिंबाच्या बागा. म्हणजे टोमॅटो ओल्या अंगाचा आणि लिंबू कोरड्या अंगाचे, आणि दोघांची गाठ पडते ती स्वयंपाकघरातल्या वाडग्यात.

टोमॅटो हे फळ की भाजी या वादात अभ्यासकाने फार वेळ घालवू नये. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने १८९३ साली, आयातकराच्या एका खटल्यात, वनस्पतिशास्त्र काहीही म्हणो, व्यवहारात टोमॅटो भाजीच होय असा निकाल दिला. मराठी ताटात हा प्रश्न मुळातच उद्भवत नाही, कारण तेथे पदार्थाची जात डावी-उजवीवरून ठरते आणि कोशिंबीर डावीकडे वाढतात. मराठीत टोमॅटोला जुन्या पिढीने दिलेले ‘बेलवांगे’ हे नाव मात्र दुर्लक्षिण्यासारखे नाही. लिनियसने १७५३ साली टोमॅटोला वांग्याच्याच प्रजातीत बसवले, फिलिप मिलरने १७६८ मध्ये त्याला तेथून बाहेर काढले, आणि पुढे जनुकीय अभ्यासांनंतर शास्त्रज्ञांनी त्याला पुन्हा वांग्याशेजारी आणून ठेवले; या दोनशेहून अधिक वर्षांच्या येरझाऱ्या चालू असताना बेलवांगे म्हणणाऱ्या आज्या आपल्या मतावर ठाम होत्या.

फळाची निवड करताना पूर्ण लाल पण बोटाला किंचित विरोध करणारा टोमॅटो घ्यावा. ही परीक्षा अंगठ्याने होते आणि भाजीवाल्याचा तिला कायम आक्षेप असतो, तेव्हा ती तो सुटे पैसे शोधत असताना उरकावी. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाने ‘धनश्री’, ‘भाग्यश्री’ असे वाण दिले असले, तरी बाजारात कॅरेटमधून येणारा माल बहुधा जाड सालीच्या संकरित वाणांचा असतो. तो ट्रकमधून दूरच्या बाजारपेठेत धडका खात पोहोचावा यासाठी घडवलेला असल्याने विळीलाही सहजासहजी दाद देत नाही. एकाच फळावर लाल, पिवळे आणि हिरवट पट्टे दिसल्यास दचकू नये. २०२० च्या उन्हाळ्यात अकोले-संगमनेर भागात असे टोमॅटो मोठ्या प्रमाणात निघाले, शेतकऱ्यांनी त्या रोगाला ‘तिरंगा’ म्हटले, आणि साथीच्या त्या दिवसांत विषाणू हा शब्द कानावर पडताच गिऱ्हाइकाने हात मागे घेतला. वनस्पतींचे विषाणू माणसाला बाधत नाहीत, ही साधी गोष्ट बाजारात पोहोचेपर्यंत कित्येकांचे तोडे वाया गेले होते. घरी आणलेला टोमॅटो फ्रिजमध्ये ठेवू नये, कारण साधारण १२ अंशांखाली त्याचा वास मरतो आणि मागे फक्त रंग उरतो.

चार मध्यम टोमॅटो, म्हणजे सुमारे चारशे ग्रॅम, विळीवर बोराएवढे चिरावेत. बिया आणि त्यांच्याभोवतीचा बुळबुळीत गर काढून टाकावा असा सल्ला कोशिंबीर कोरडी राहावी म्हणून काही सुगरणी देतात; तो ऐकू नये, कारण चवीचा मोठा वाटा त्याच गरात असतो, आणि पूर येतो म्हणून नदीच उचलून टाकण्याचा हा प्रकार आहे. चिरलेल्या फोडींवर अर्धा चहाचा चमचा मीठ, बारीक चिरलेली हिरवी मिरची आणि अर्ध्या लिंबाचा रस घालून वाडगा झाकावा. येथून मुरण्याची क्रिया सुरू होते. शास्त्रीय भाषेत हे परासरण होय, म्हणजे पेशीच्या पातळ पडद्यातून पाण्याने कमी खारट बाजूकडून जास्त खारट बाजूकडे जाणे. वीस मिनिटांनी झाकण काढले की फोडी किंचित खचलेल्या दिसतात, त्यांच्या कडा मऊ पडलेल्या असतात, आणि वाडगा तिरका केला तर एका अंगाला पाव वाटीभर गुलाबी पाणी गोळा होते, ज्यात दोन-चार बिया तरंगत असतात. मराठीत लोणचे मुरते, पुढारी मुरतो, पाऊस जमिनीत मुरतो, आणि व्यवहारात गडबड असली तरी कुठेतरी पाणी मुरत असते. कोशिंबीर हा मात्र असा एकमेव प्रांत आहे जेथे पदार्थ मुरला की पाणी बाहेर येते.

या पाण्याविषयी दोन संप्रदाय आहेत. पहिला ‘अडवा’ संप्रदाय मीठ पान वाढण्याच्या क्षणी घालतो, जेणेकरून पाणी सुटायच्या आत कोशिंबीर संपावी; हा मार्ग सुरक्षित असला तरी त्यात मुरणे घडतच नाही, शिवाय जेवणारा मंडळी जमेपर्यंत हात आवरून बसला, तर धरण त्याच्या ताटातच फुटते. दुसरा ‘जिरवा’ संप्रदाय पाणी सुटू देतो आणि मग ते दाण्याच्या कुटात जिरवतो. पारनेर तालुक्यातील राळेगणसिद्धी आणि नगर तालुक्यातील हिवरे बाजार या गावांनी डोंगरउतारावर समतल चर खणून आणि नाल्यांवर बांध घालून जे साधले, तेच भाजलेल्या शेंगदाण्याचा कूट वाडग्यात साधतो. फरक इतकाच की गावाला त्यासाठी वर्षानुवर्षे श्रमदान करावे लागले आणि येथे तीन चमचे पुरतात. दाणे मंद आचेवर खमंग भाजून, तळहातावर चोळून, सालपटे फुंकरीने किंवा सुपाने पाखडून, जाडसर कुटावेत. मिक्सर एक क्षण जास्त फिरला तर कुटाला तेल सुटते, आणि तेलकट झालेला कूट पाणी शोषण्याऐवजी त्यावर तरंगत बसतो.

किती कूट घालावा हे सुटलेले पाणी पाहूनच ठरवावे. हिवरे बाजारात दरवर्षी पडलेल्या पावसाचा ताळेबंद मांडून कोणती पिके घ्यायची ते ठरते, आणि ऊस, केळी यांना तेथे बंदी आहे. कोशिंबीर करणाऱ्याने निदान एकदा वाडगा तिरका करून पाहावा, एवढी शिस्त फार नाही. कूट मात्र पाने घेताना घालावा, कारण तो तासभर आधी पडला की सगळे पाणी पिऊन फुगतो आणि कोशिंबिरीचा लगदा होतो.

साखरेचा प्रश्न नाजूक आहे. आशियातील पहिला म्हणवला जाणारा सहकारी साखर कारखाना ज्या जिल्ह्यात, लोणीजवळ प्रवरानगरला, १९५० साली सुरू झाला, त्या जिल्ह्यातही कोशिंबिरीत चिमूटभर साखर पडली की कोणीतरी ‘पुणेरी झाली’ असे म्हणतेच. साखरेने आंबटपणाची धार बोथट होते आणि थोडे अधिक पाणीही सुटते; ज्याला दोन्ही चालते त्याने ती न सांगता घालावी. फोडणीबद्दल विशेष सांगण्यासारखे नाही : चमचाभर तेल, मोहरी, जिरे, हिंग, कढीपत्ता, आणि मोहरी तडतडण्याआधी जिरे टाकण्याची घाई नको. ती थोडी निवाली की कोशिंबिरीवर ओतून कोथिंबीर पेरावी.

वाढताना पाणलोटाचा ‘माथा ते पायथा’ हा नियम, म्हणजे काम उताराच्या वरच्या टोकापासून सुरू करण्याची पद्धत, लक्षात ठेवावा. स्टीलचे ताट वरवर सपाट दिसले तरी मांडीवर घेतल्यावर नेहमी एका अंगाला कलते, आणि डावीकडच्या कोशिंबिरीतून निघालेला गुलाबी ओघळ ठेच्याला वळसा घालून बाजरीच्या भाकरीखाली शिरतो. वरून भाकरी कोरडी दिसते, चतकोर उचलल्यावर तिचे बूड भिजलेले आढळते. भाकरी टोपलीत ठेवून एकेक चतकोर घेणे, किंवा कोशिंबिरीला वाटी देणे, हे दोनच उपाय आजवर टिकले आहेत.

उरलेली कोशिंबीर संध्याकाळपर्यंत ठेवली तर तिच्यात आणखी पाणी सुटते आणि ती कोणी घेत नाही. तिच्यात बाजरी-ज्वारीचे आणि थोडे बेसनाचे पीठ, तिखट, ओवा आणि एक चिरलेला कांदा घालून थालीपिठे लावावीत. पीठ भिजवायला वेगळे पाणी लागत नाही.