कात्री चालली ती नेमकी कुठे?

जेम्स कॅमेरॉनचा 'टायटॅनिक' (1997) सव्वातीन तासांचा. तरीही चित्रित झालेली कितीतरी दृश्यं त्यातून गळली. बुडत्या जेवणघरातली नायक जॅक आणि खलनायकाचा नोकर लव्हजॉय यांची मारामारी गेली, ते बरंच झालं. जहाज रसातळाला चाललेलं असताना हिऱ्यापायी हाणामारी कोण बघणार? माझं भांडण आहे ते कॅलिफोर्नियनच्या दृश्याबद्दल.

14 एप्रिल 1912 ची रात्र. काही मैलांवर बर्फात थांबलेल्या 'कॅलिफोर्नियन' जहाजाचा वायरलेस ऑपरेटर सिरिल इव्हान्स टायटॅनिकला कळवू बघतो, की आम्ही बर्फात अडकलोय. टायटॅनिकचा ऑपरेटर जॅक फिलिप्स प्रवाशांच्या तारा केप रेसच्या किनारी वायरलेस केंद्राला धाडण्यात गुंतलेला. तो इव्हान्सला झिडकारतो. इव्हान्स कानावरचे हेडफोन उतरवतो, यंत्र बंद करतो आणि झोपी जातो. काही मिनिटांतच, 11 वाजून 40 मिनिटांनी, हिमनगाशी टक्कर होते.

पुढे कॅलिफोर्नियनवरच्या अधिकाऱ्यांना आभाळात पांढरे अग्निबाण दिसले. कॅप्टन लॉर्डच्या कानावर ते घातलंही गेलं. इव्हान्सला मात्र उजाडेपर्यंत कुणी उठवलं नाही.

कॅमेरॉनचं म्हणणं असं, की टायटॅनिक हेच प्रेक्षकाचं अवघं जग राहायला हवं. दिग्दर्शक म्हणून ते चुकीचं नाही. पडद्यावरची घुसमट त्यानेच वाढते. पण त्याची किंमत मोठी आहे. हाकेच्या अंतरावर कुणी होतं हेच कळलं नाही, तर सगळं पाप हिमनगाच्या माथी जातं आणि माणसं सुटतात. 1958 च्या 'अ नाइट टू रिमेंबर'ने दोन तासांत कॅलिफोर्नियनला जागा दिली. इथे सव्वातीन तासांत ती मिळू नये?

जॅक जिच्यासोबत नाचतो त्या चिमुरड्या कोराचं मरणही असंच कापलं गेलं: तिसऱ्या वर्गात, बंद जाळीच्या दाराशी, आईबापांसोबत. नाच ठेवला, दार काढलं. फळीच्या आधाराने तरंगणाऱ्या चिनी प्रवाशाला टायटॅनिकचा अधिकारी लो याच्या बोटीने वाचवल्याचा प्रसंगही गेला, आणि तो तर खराच घडलेला. वाचलेल्या सहा चिनी प्रवाशांना अमेरिकेने चिनी बहिष्कार कायद्याखाली न्यूयॉर्कमध्ये राहू दिलं नाही, दुसऱ्याच दिवशी दुसऱ्या जहाजावर रवाना केलं. तिसऱ्या वर्गावर एवढा जीव लावणाऱ्या चित्रपटाने तरी त्यांना पडद्यावर ठेवायला हवं होतं.

आपत्तीपटात लांबी कमी करताना प्रेमप्रसंग छाटा, पाठलाग छाटा. आपत्ती का घडली आणि कोण का वाचलं नाही, तिथे कात्री लावू नका. जहाजाच्या वायरलेसवर रात्रंदिवस पहारा हवा, हा नियम 1914 च्या सागरी सुरक्षा करारात आला, तो या दुर्घटनेनंतर. इव्हान्सचं दृश्य डीव्हीडीवर आहे. चित्रपट पुन्हा बघाल, तेव्हा तेवढं न चुकता बघा.