वर्गणी आणि सीएसआर

यवतमाळच्या दत्त चौकातला कापडदुकानदार एखाद्या सामाजिक संस्थेने वर्गणी मागितली की कुरकुरतो, पण गल्ल्यातून पाचशेची नोट काढतो; अट एकच, बॅनरवर नाव ठळक हवं. मॉलवाल्या कंपनीचा मॅनेजर हसतमुखाने हेड ऑफिसचा ई-मेल देतो. मग करसवलतीच्या बारा-ए, ऐंशी-जी नोंदण्या, सीएसआर-१ फॉर्म, तीन वर्षांचं ऑडिट! संस्थेचा निम्मा निधी सीएच्या फीतच जातो.

२०१३चा कंपनी कायदा सांगतो : किमान ५ कोटी निव्वळ नफा असेल, तर सरासरी नफ्याचे २ टक्के समाजकार्याला द्या (हाच सीएसआर, म्हणजे कंपन्यांची सामाजिक जबाबदारी), प्राधान्य स्थानिक भागाला. कापसाच्या जिल्ह्यात शर्ट विकणाऱ्यांचा ‘स्थानिक भाग’ बहुधा वांद्र्यात असतो. तरी अर्ज टाकाच, तोही फेब्रुवारीच्या आत. मार्चअखेर न खर्चलेले पैसे कंपनीलाही टोचतात.