बिनखात्याचा मंत्री

अर्जेंटिनात माणसांपेक्षा गुरं जास्त आहेत. माणसं साडेचार कोटींच्या वर, गुरं पाच कोटींच्या वर. ही तफावत मिटवायला माणसं दर रविवारी जिवाचं रान करतात. माणशी वर्षाला 50 किलोच्या आसपास गोमांस खपतं. अशा देशात बायकोच्या नोकरीपायी येऊन पडलेला, सदाशिव पेठेत वाढलेला, अंडंसुद्धा केकमध्ये वेष पालटून आलं तरच खाणारा माणूस रविवारी दुपारी काय करत असेल? तो पार्सली चिरत असतो.

‘आसादो’ हा इथला कुळाचार. निखाऱ्यांवर मांस भाजायचं, आणि ते भाजून होईपर्यंत सगळ्यांनी शेगडीभोवती उभं राहून मतं द्यायची. मतं सगळ्यांना, चिमट्याला हात मात्र एकट्या ‘आसादोर’चा. आमच्याकडे हे पद घरमालक भूषवतात. लाकूड केब्राचोचं, इतकं घट्ट की पाण्यात टाकलं तर दगडासारखं तळाला जातं. जाळ एका कडेला पेटवायचा, निखारे पडतील तसे फावड्याने थोडे थोडे जाळीखाली ओढायचे, मग जाळीवर तळहात धरून, डोळे मिटून आच जोखायची. बरगड्यांची पट्टी हाडाकडची बाजू खाली घालून ठेवायची ती दोन-दोन तास. मसाला म्हणाल तर जाड मीठ. हळद नाही, आलं नाही, दह्यात मुरवणं नाही. घरमालकांचे जावई गेली कित्येक वर्षं वाइनचा पेला घेऊन तीन पावलांवरून ‘आच जास्त होतेय’ एवढंच म्हणत आलेत. जावयाला इतपत मान इथेही आहे.

माझ्यासारख्या शाकाहाऱ्याचं अशा ठिकाणी काय करावं हा पेच घरमालकांनी पहिल्याच रविवारी सोडवला. ‘चे, तू भारतातला. मसाल्यातलं तुला कळतं. चिमिचुरी तुझ्याकडे!’ चिमिचुरी म्हणजे आसादोसोबतची हिरवी चटणी. छाती फुगली. पण खातं मिळालं आणि अधिकार मात्र त्यांच्या आईने स्वतःकडे ठेवले. आजीबाईंचं वय ऐंशीच्या पुढे, आणि चिमिचुरीच्या बाबतीत त्यांना लोकशाही मान्य नाही. कोथिंबीर चालणार नाही, तो पेरूवाल्यांचा प्रकार. जिरं नको. लिंबू नको, लाल वाइनचं व्हिनेगर आहे ना. मिक्सर? मिक्सरचं नाव काढलं तेव्हा त्यांनी सुनेकडे असं पाहिलं, की बिचारीने मिक्सर कपाटात ढकलला.

मिक्सरबाबत म्हातारीचं शंभर टक्के बरोबर आहे, हे मी चटणीच्या प्रदेशातला असूनही सांगतो. मिक्सरमध्ये पानं ठेचली जातात, पाणी सुटतं, कडवटपणा येतो आणि हाती हिरवा लगदा उरतो. चिमिचुरीत पान पान वेगळं दिसायला हवं, तेलात तरंगायला हवं. त्यासाठी पार्सली धुऊन फडक्यावर पसरून कोरडी ठणठणीत करायची. ओली चिरलीत की सुरीखाली चिखल. जाड देठ काढून टाकायचे, जुडी मुठीत घट्ट धरायची आणि धारदार सुरीने एकदाच बारीक चिरायची. पुन्हा पुन्हा सुरी चालवली तर पानं काळवंडतात. पार्सलीचं घराणं आपल्या ओळखीचंच. कोथिंबीर, जिरं, ओवा, बडीशेप, गाजर, सगळी एकाच कुळातली. ही तेवढी कॉन्व्हेंटमध्ये शिकलेली. वास येतो, पण अंगावर येत नाही.

वाटीभर चिरलेल्या पार्सलीला लसणाच्या चार पाकळ्या. आजीबाई त्या स्वतः सोलून, मोजून माझ्यापुढे ठेवतात. वाळलेला ओरेगानो दोन चमचे. मीठ कोमट पाण्यात विरघळवून त्यात ओरेगानो आणि मिरची भिजत घालायची, मग पाव वाटी व्हिनेगर, शेवटी अर्धी वाटी तेल. तेलही साधं सूर्यफुलाचं, ऑलिव्हचे चोचले सगळ्या घरांत नाहीत.

आता मिरची. तिचं नाव ‘अही मोलिदो’. दिसायला थेट आपलं भरडलेलं तिखट, लालभडक. कोल्हापूरचा कोणी असता तर चिमूटभर जिभेवर टाकून त्याने ग्राहक मंच गाठला असता. पण हीच मिरची चमचाभर जास्त पडली तर जावई रुमालाने कपाळ टिपतात. फ्रीजमध्ये माझ्या हिरव्या मिरच्या आहेत. बायकोने बजावून ठेवलंय, ‘हे बघ, भाडेकरार संपेपर्यंत त्यातली एकही खाली जाणार नाही.’

मग मुरवण्याचा वाद. व्हिनेगर पडलं की आम्लाने हरितद्रव्यातलं मॅग्नेशियम सुटतं आणि ताजा पोपटी रंग तासा-दोन तासांत शेवाळी होऊ लागतो. सून म्हणते, व्हिनेगर आयत्या वेळी घाला, रंग राहतो. आजीबाई म्हणतात, रंग काय भिंतीला द्यायचाय? आदल्या रात्री घाला, लसूण शांत होतो. मी बाहेरचा माणूस, त्यामुळे दोघींना वेगवेगळ्या वेळी ‘बरोबर आहे’ म्हणतो. पाहुण्यांचं तर काही विचारू नका. प्रत्येकजण पावाचा तुकडा बुडवतो, डोळे वर करतो आणि म्हणतो, ‘छान झालीय. पण आमच्याकडे...’ पुढचं स्पॅनिश समजायला व्याकरण लागत नाही.

अखेर मांस पाटावर येतं, कापलं जातं, आणि कुणीतरी ओरडतं, ‘आसादोरसाठी टाळ्या!’ ही इथली रीतच आहे. सगळे टाळ्या वाजवतात, मीही वाजवतो. चटणीवाल्यासाठी टाळ्यांची तरतूद नाही. असो. एका रविवारी मी वाडगा घेऊन अदबीने घरमालकांच्या ताटाकडे वळलो, तर त्यांनी स्टेकवर तळहात आडवा धरला.

‘ह्याच्यावर? चांगल्या मांसाला मीठ पुरे. चिमिचुरी चोरिसोला.’

म्हणजे जगभरातल्या हॉटेलांत स्टेकवर ही हिरवी चटणी पळीने ओततात, आणि जिथली ती चटणी तिथला जाणता माणूस म्हणतो, सॉसेजच्या पावात घाल! जगाबद्दल विचारलं तर म्हणाले, ‘ते काहीतरी लपवत असतील.’ जावयांनी मात्र सासऱ्यांची पाठ वळताच चमचाभर स्टेकवर ओतून घेतली. तीन पावलांवरून केलेलं ते त्यांचं पहिलं बंड असावं.

माझ्या वाट्याला प्रोवोलेता येते. प्रोवोलोन चीजची जाडजूड चकती, निखाऱ्यांवर खालून खरपूस आणि मध्ये लिबलिबीत. तिच्यावर चिमिचुरी ओतली की व्हिनेगर चीजचा तुपकटपणा झटक्यात कापतं, लसूण वर येतो, आणि मला स्वच्छ दिसतं की ही चटणी बैलासाठी कधी नव्हतीच. हे मत मी मराठीतच ठेवतो.

त्या रविवारी आजीबाईंनी वाडगा स्वतःकडे ओढला, पावाने पुसून घेतला, तो पाव सावकाश चावला आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाल्या, ‘लसूण कमी आहे.’ पाकळ्या कोणी मोजून दिल्या होत्या, हे विचारण्याइतकं माझं स्पॅनिश अजून धीट झालेलं नाही.