नाव आधी, डाव नंतर

खेळ सुरू करायच्या आधी नाव घालावं लागतं, हा मोबाइलवरच्या गेमचा पहिला नियम आमच्या दोन जिल्ह्यांना अजिबात नवा वाटला नाही. सातारा-सांगलीकडं कुठल्याही कामाची सुरुवात नावापासूनच होते. मंडळ निघतं ते नाव ठरल्यावर. पतसंस्था कुणाच्या तरी नावानं उभी राहते आणि पुढं त्याच नावानं बोटं मोडली जातात. गावाच्या तोंडाला कमान येते, तीवर सौजन्य कुणाचं ते ठळक लिहिलेलं असतं. कमानीतून आत जाणारा रस्ता नंतर होतो. कधीकधी होतही नाही.

गेमनं तरी काय वेगळं केलं? २ सप्टेंबर २०२० रोजी सरकारनं पबजीवर बंदी घातली, तेव्हा कृष्णाकाठच्या पारांवर सुतक पडलं होतं. जुलै २०२१ मध्ये स्वारी 'बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया' असं नवं नाव लावून परत हजर. रक्ताचा रंग लाल होता तो हिरवा झाला, समोरच्याला 'मारणं' बंद होऊन 'फिनिश' करणं सुरू झालं, आणि नावाच्या शेवटी देश जोडला गेला. जुलै २०२२ मध्ये पुन्हा गायब, मे २०२३ मध्ये पुन्हा दाखल. पोरांनी मधल्या काळाचं काही विचारलं नाही. पक्ष बदलून आलेल्या पुढाऱ्याला आपण तरी कुठं विचारतो?

परवा पुतण्या माझ्या शेजारी येऊन बसला. कधी नव्हे तो अदबीनं बसला, म्हणजे काम होतं.

"तात्या, आयडीला एक नाव सुचवा की."

"बारशाला एक दिलंय की तुला."

"ते शाळेत ठीक हाय ओ. हितं बघणाऱ्याला धडकी भरली पायजे."

मी 'वाघ' सुचवलं. आधीच कुणीतरी घेतलेलं. 'ढाण्या वाघ'ही गेलेलं. 'सरकार', 'किंग', 'भाई', 'दादा' तर गेम यायच्या आधीच संपली असावीत. 'विषय हार्ड' आणि 'जाळ अन् धूर' ही दोन नावं चक्क तीन-तीनदा घेतलेली निघाली. एकाला एमएच १०चं शेपूट, म्हणजे सांगली. एकाला एमएच ११, म्हणजे सातारा. तिसऱ्याला एमएच ५०. कराडकरांना स्वतःचा नंबर मिळाल्यापासून ते कुठंच एमएच ११ म्हणवून घेत नाहीत, हे तेवढं लक्षात ठेवा.

"तात्या, तुमाला कळंना झालंय," पुतण्या मग मला समजावू लागला. "लाइफ म्हंजी गेमच हाय. लेव्हल वाढवत जायची."

"तुझी कितवी चालू आहे?"

"बारावीत हाय. फिजिक्सला अडकलोय."

अखेर त्यानं मला न विचारताच 'डेंजर तात्या एमएच १०' हे नाव लावलं, दोन्ही बाजूंना तलवारी आणि डोक्यावर मुकुट काढून. त्यामुळं हल्ली रोज संध्याकाळी मी कुठल्या तरी बेटावर विमानातून उडी मारतो आणि पहिल्या पाच मिनिटांत कुणाच्या तरी गोळीनं हिरवा होऊन पडतो. मुकुटासह.

हे खूळ मोबाइलमधून आलं असं ज्यांना वाटतं, त्यांनी आमच्याकडच्या कुठल्याही तालुक्याच्या एसटी स्टँडसमोर उभं राहून वर बघावं. आभाळ दिसणार नाही, फ्लेक्स दिसेल. त्यावर एकोणीस वर्षांचा, मिशी अजून पुरती न फुटलेला 'युवा हृदयसम्राट' गॉगल लावून उभा असतो. त्याच्या शेजारी 'किंगमेकर' असतो. स्वतःच्या वॉर्डात त्याचा सख्खा भाऊ पडलेला असतो, तो भाग वेगळा. खाली शुभेच्छुकांच्या पासपोर्ट फोटोंच्या रांगा. गेममध्ये याला क्लॅन म्हणतात. आमच्याकडं मित्रमंडळ म्हणतात आणि त्याची वर्गणी असते.

या सगळ्या पदव्यांत माझी आवडती पदवी 'भावी' ही आहे. भावी सरपंच, भावी नगरसेवक, भावी आमदार. साताऱ्याच्या नगरपालिकेची मुदत २०२१च्या अखेरीस संपली आणि पुढचं मतदान झालं ते २०२५च्या डिसेंबरात. मधली चार वर्षं सातारा शहरातले सगळे भावी नगरसेवक भावीच राहिले. पडद्यावर ते गोल फिरणारं चक्र दिसतं ना, खेळ सुरू होता होईना असं, त्यात ही माणसं चार वर्षं हसतमुखानं नमस्कार करत उभी होती. दरवर्षी वाढदिवसाला फोटो तेवढा नवा. पदाला मुदत असते. 'भावी'ला कुठली आलीय मुदत?

आणि ज्याला फ्लेक्स परवडत नाही तो नंबरप्लेट रंगवतो. ८०५५ अशी मुरडून लिहायची की 'बॉस' वाचली जावी. ४१४१चं 'दादा' होतं. आरटीओत या नंबरांसाठी जादा पैसे भरून रांग लावणारे लोक त्याच आरटीओनं दंड केला की साहेबांना फोन लावतात, आणि साहेब विचारतात, कोण बोलतंय? तिथं मग बारशातलंच नाव सांगावं लागतं.

नावाच्या बाबतीत आमच्याकडं खरी शिस्त कुणी पाळली असेल तर ती बैलांनी. सर्वोच्च न्यायालयानं डिसेंबर २०२१ मध्ये शर्यतींना वाट मोकळी केल्यापासून या भागात बैलांचा जो दबदबा वाढलाय, तो कुठल्या आमदाराचाही नाही. नोव्हेंबर २०२५ मध्ये कवठेमहांकाळ तालुक्यातल्या बोरगावच्या मैदानात पहिल्या नंबरला फॉर्च्युनर गाडी लावली होती. ती मारणाऱ्या जोडीची नावं 'हेलिकॉप्टर बैज्या' आणि 'ब्रेकफेल'. जगातल्या कुठल्याही गेमरनं हेवा करावा अशी ही नावं. पण बैलाला आधी पळावं लागतं, नाव मागून येतं. आणि फॉर्च्युनर जिंकूनही तो हृदयसम्राट होत नाही, कडब्याला तोंड लावतो.

माणसांतही असे होऊन गेले, नाही असं नाही. कुंडलचे 'कॅप्टन भाऊ' घ्या. मूळ नाव रामचंद्र लाड. प्रतिसरकारच्या तुफान सेनेतला हा माणूस. ७ जून १९४३ रोजी शेणोलीला पुण्याहून मिरजेकडं जाणारी रेल्वे अडवून इंग्रज सरकारच्या पगाराचा पैसा काढून घेतला, त्यात ते पुढं होते. आमची पोरं दिवसभर 'लूट घे, लूट घे' म्हणून ओरडत असतात, त्यांच्या घरापासून तासाभराच्या अंतरावर ही गोष्ट घडली. आणि गंमत म्हणजे कॅप्टन भाऊंना 'लूट' हा शब्द मान्यच नव्हता. इंग्रजांनी इथल्या लोकांचा लुटलेला पैसा आम्ही परत आणला, असं ते म्हणत. २०२२ साली ते गेले. आज आमच्या चौकाचौकात एक 'सरकार' आहे. १९४३ ते ४६ मध्ये इथं खरोखर एक सरकार चालत होतं, तेच हे प्रतिसरकार; ते न्यायनिवाडे करायचं, लग्नं लावायचं, सावकारांना आणि गुंडांना वठणीवर आणायचं. त्याच्या म्होरक्याला, वाळव्याच्या येडेमच्छिंद्रच्या नाना पाटलांना, लोकांनी 'क्रांतिसिंह' म्हटलं. त्याआधी ते तलाठी होते. स्वतःहून निवडायचंच असतं तर त्यांना 'भावी सर्कल' हे नाव सहज मिळालं असतं.

दुसरे कराडजवळच्या गोळेश्वरचे खाशाबा जाधव. १९५२ मध्ये हेलसिंकीला ब्राँझ पदक, स्वतंत्र भारताचं पहिलं वैयक्तिक ऑलिंपिक पदक. जायला पैसे नव्हते. गावानं वर्गणी काढली आणि कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजच्या प्राचार्य खर्डेकरांनी घर गहाण टाकून सात हजार रुपये उभे केले. 'पॉकेट डायनॅमो' हे टोपणनाव त्यांना त्यांची चपळाई बघितलेल्यांनी दिलं, त्यांनी कुठं टाइप केलं नव्हतं. सरकारनं मात्र 'अर्जुन' द्यायला २००० साल उजाडू दिलं. खाशाबा १९८४ सालीच अपघातात गेले होते. गेममध्ये एक बरं आहे, बक्षीस घ्यायला जिवंत असावं लागतं.

खेळालाच आयुष्य मानलेली माणसंही सांगलीनं बघितली. भाऊसाहेब पडसलगीकरांनी जन्मभर पोरांना बुद्धिबळ शिकवलं. भाग्यश्री साठे-ठिपसे आणि स्वाती घाटे याच गावातून पुढं गेल्या. पडसलगीकरांनी आपल्याला उद्देशून 'बुद्धिबळसम्राट' वगैरे काही लावून घेतल्याचं माझ्या कानावर नाही.

पण मला सांगायचं आहे ते याही पलीकडचं. आमच्या भागात हजारो पोरं अंगठ्याच्या एका दाबात 'किंग' होतात. त्याच भागात कित्येक पोरींना वर्षानुवर्षं दुसऱ्याच एका आयडीनं खेळावं लागलं. नकुशा. सलग दोन-तीन मुली झालेल्या घरात पुढची मुलगी आली की तिला हे नाव ठेवायचं, म्हणजे देवाला निरोप पोचतो आणि पुढच्या खेपेला मुलगा होतो, अशी समजूत. आमच्याकडं मुलग्यांनाही धोंडू, दगडू, केरबा अशी वंगाळ नावं ठेवायची चाल होती. पण तिथं हिशेब उलटा. पोराला यमानं न्यावंसं वाटू नये म्हणून तो धोंडू. पोरगी देवानं पुन्हा पाठवू नये म्हणून ती नकुशा. आईबाप तेच, गाव तेच, बारशाच्या घुगऱ्याही त्याच.

२०११च्या जनगणनेत सातारा आणि सांगली, दोन्ही जिल्ह्यांत सहा वर्षांपर्यंतच्या हजार मुलग्यांमागे नऊशे मुलीही नव्हत्या. म्हणजे देवाला निरोप पाठवण्याचं काम नुसत्या नावावर सोपवलेलं नव्हतं, त्याच्या जोडीला सोनोग्राफीही होती. त्याच वर्षी ऑक्टोबरात साताऱ्याच्या जिल्हा परिषदेनं एक समारंभ केला. नकुशा नावाच्या २८५ मुली एकत्र बोलावल्या आणि त्यांना नवं नाव घालून प्रमाणपत्रं दिली. कुणी ऐश्वर्या झाली, कुणी सावित्री, कुणी नुसती वैशाली.

या २८५ जणींनी नाव निवडलं तेव्हा त्यांना हवं ते काहीही घेता आलं असतं. राणी, महाराणी, वाघीण, रणरागिणी, सगळं मोकळं होतं, कुणी अडवणार नव्हतं. त्यांनी घेतली ती ऐश्वर्या, सावित्री, वैशाली अशी, वर्गाच्या हजेरीत सहज खपून जाणारी नावं. एवढी माफक निवड आमच्या जिल्ह्यातल्या एकाही हृदयसम्राटानं आजवर केलेली नाही.

पुतण्याला मी हे सांगितलं. तो जरा वेळ गप्प बसला. मग म्हणाला, "तात्या, आमच्या वर्गात पन एक हाय. आमी तिला नकू म्हंतो." पुढं तो काही बोलला नाही आणि मीही नाही. माझ्या नावानं चाललेली लढाई त्यानं तेवढी बंद केली.

गेममध्ये नाव बदलायला एक कार्ड लागतं, चार पैसे टाकले की मिळतं. खऱ्या नावाला शाळेचा दाखला, आधार आणि रेशनकार्ड अशी रांग लागते, आणि वर राजपत्रात जाहिरात. तो राजपत्राचा अर्ज आता घरबसल्या मोबाइलवरही भरता येतो, अज्ञान मुलीसाठी आईबापांना किंवा पालकांना. तुमच्या भावकीत, वस्तीवर, वर्गात एखादी नकुशा अजून त्याच नावानं हाक घेत असेल, तर ज्या पोराच्या फोनमध्ये दिवसाला दोन जीबी डेटा पडून आहे त्याला बसवा आणि तो अर्ज भरून घ्या. नाव मात्र तिला विचारून घाला.