रिकामी अंबारी

मागच्या हिवाळ्यात पुतण्याला पानिपत दाखवायला नेलं. दिल्लीहून नव्वदेक किलोमीटर, आणि वाटभर साहेब मोबाइलवर कुठलीशी सुपरहिरोची मालिका बघत होते. नायक मोठ्या पेचात होता : सख्ख्या भावाला वाचवायचं की पुलावर लटकलेल्या बसला? मुरथलला आमचे पराठे संपेपर्यंत त्याने दोन्ही वाचवलं होतं.

आमच्या वेळी शक्तिमान होता. 1997 पासून मुकेश खन्ना दूरदर्शनवर गरगर फिरून संकटं निस्तरायचे आणि शेवटी मुलांना चांगल्या सवयींचा डोसही पाजायचे. त्याआधी हेच गृहस्थ 'महाभारत' मालिकेत भीष्म होते. एका प्रतिज्ञेची किंमत अख्ख्या कुळाला मोजायला लावून बाणांवर पडले होते. ही बढती नव्हे, बदली. जड खात्यातून हलक्या खात्यात.

काला आंबला बाग आहे, लोखंडी कठडा आहे, विटांचा स्तंभ आहे. "काका, एवढंच?" पुतण्या म्हणाला. मग मी सुरू झालो. 14 जानेवारी 1761. गोविंदपंत बुंदेले मारले गेलेले, रसद तुटलेली, लष्कर उपाशी. आणि सोबत बायकापोरं, यात्रेकरू. सूरजमल जाटाने सांगून पाहिलं होतं, हा कबिला मागे ठेवा. भाऊसाहेबांनी ऐकलं नाही.

"बरोबरच आहे. हिरो कुणाला मागे ठेवत नाही."

"हो, पण तुझ्या मालिकेतल्या बसमधल्या लोकांना भूक लागत नाही."

दुपारपर्यंत पारडं आपल्याकडे होतं. मग विश्वासरावांना गोळी लागली. भाऊ हत्तीवरून उतरले, घोड्यावर बसले आणि गर्दीत घुसले. लांबून लोकांना दिसली ती फक्त रिकामी अंबारी. भाऊ गेले असं समजून फौज फुटली. तेव्हापासून अडीचशेहून जास्त वर्षं मराठी माणूस चहाच्या टपरीवरून भाऊंना बजावतो आहे : उतरू नका! मीही बजावतो, तावातावाने. 'विश्वास तर पानिपतातच गेला' ही कोटीही मी शंभरदा केली असेल. त्या दिवशी शेजारी पुतण्या बसला होता, म्हणून जिभेवर आलेली गिळली.

"पुढच्या सीझनला भाऊ परत येतात?"

येतात, म्हटलं. आले होते. पुण्यापर्यंत प्रकरण पोचलं, वर्षानुवर्षं चाललं, आणि शेवटी तो तोतया निघाला.

तो बराच वेळ त्या स्तंभाकडे बघत होता. मग म्हणाला, "काका, तू उतरला असतास?"

पेशवाईत काका या नात्याचा लौकिक काही फार बरा नाही, त्यामुळे मी सावध झालो. "आधी लोणचं घेऊ," म्हणालो. पानिपतचं पचरंगा लोणचं नावाजलेलं आहे. बरणी घेतली, माझ्याच शर्टात गुंडाळली. दिल्लीला पोचेपर्यंत शर्टही मुरला.

परतताना मोबाइल त्याच्या खिशातच होता. सोनिपतच्या आसपास त्याने फक्त दोघांची वयं विचारली. भाऊ तीस वर्षांचे होते, विश्वासराव अठराचे.